बाहुलीला गप्प राहू द्या

डिसेंबर २०२४ मध्ये अमेरिकेतल्या बऱ्याच आईबापांना आपल्या पाच-सात वर्षांच्या मुलांना एक वाईट बातमी सांगावी लागली. तुझा मॉक्सी आता बोलायचा बंद होणार आहे. मॉक्सी हा एम्बॉडीड नावाच्या कंपनीचा टेबलावर बसणारा छोटा यंत्रमानव. पाच ते दहा वर्षांच्या मुलांचा सोबती म्हणून तो सुमारे ८०० डॉलरला विकला जायचा. मुलाशी गप्पा मारायच्या, दिवस कसा गेला ते विचारायचं, राग आला तर श्वास कसा घ्यायचा ते शिकवायचं, हे त्याचं काम. कंपनीला मिळणारं भांडवल ऐनवेळी अडलं आणि कंपनी बंद पडली. मॉक्सीचं बोलणं इंटरनेटवरून येत होतं, त्यामुळे कंपनीबरोबर त्याचाही आवाज जाणार होता. मुलांची समजूत कशी घालावी, याचं एक पत्रही कंपनीनं पालकांना पाठवलं. हमसून रडणाऱ्या मुलांचे व्हिडिओ तेव्हा जगभर पाहिले गेले. जाणकार ग्राहकांना स्वतःच्या संगणकावरून मॉक्सी चालवता यावा अशी सोय कंपनीनं नंतर करून दिली, पण किती आईबापांना ते जमणार?

खेळणं मोडणं मुलांना नवं नाही. हात तुटलेली बाहुली, चाक गेलेली गाडी, डोळा निघालेलं अस्वल यांच्याशी मुलं वर्षानुवर्षं खेळतात, किंबहुना मोडक्यावर त्यांचा जीव जास्त असतो. मॉक्सी मात्र न मोडता गेला. तो आधीपासून त्या मुलाचा नव्हताच. ज्याला मूल मित्र समजत होतं तो एका कंपनीच्या ताळेबंदावर जगत होता.

माझं म्हणणं आधीच स्पष्ट मांडते. मुलाचं बोलणं ऐकून त्यावर स्वतः उत्तर रचणारं खेळणं लहान मुलांच्या हाती देऊ नये. सहा-सात वर्षांपर्यंत तर नाहीच नाही. त्यापुढच्या वयासाठी ते विकायचं असेल, तर खेळण्याचा रंग विषारी आहे का हे आपण ज्या सक्तीनं तपासतो, त्याच सक्तीनं त्याचं बोलणंही तपासलं गेलं पाहिजे. आज भारतात ते कुणीही तपासत नाही.

हा विषय आपल्यापासून लांबचा नाही. मुलांच्या सोबती-यंत्रमानवांमध्ये जगभर ओळखला जाणारा ‘मिको’ मुंबईतून आला आहे. आयआयटी मुंबईत शिकलेल्या तरुणांनी २०१५ मध्ये ही कंपनी काढली, आणि आज मिको अमेरिकेतल्या दुकानांत दिसतो. त्याच्या खालच्या किमतीत, पोटात छोटं यंत्र बसवलेली चिनी बनावटीची मऊ खेळणी ऑनलाइन बाजारात भरभरून मिळतात. बाहेरून ती साधी टेडीच दिसतात. फरक आत आहे, आणि तो समजून घेतला पाहिजे, कारण जाहिरातीत तो कधीच सांगितलेला नसतो.

आत एक मायक्रोफोन, एक स्पीकर, एक छोटी चिप आणि वायफायची जोडणी असते. मूल बोललं की आवाज घरातल्या राउटरमधून दूरच्या सर्व्हरवर जातो. तिथे आवाजाचा मजकूर होतो. हा मजकूर एका मोठ्या भाषा-प्रारूपाकडे, म्हणजे चॅटजीपीटीसारख्या गप्पांमागे असलेल्या, अफाट मजकुरावर शिकवलेल्या संगणक-प्रणालीकडे जातो. त्याच्यासोबत कंपनीनं आधीच लिहून ठेवलेली एक सूचना असते: तू एक प्रेमळ अस्वल आहेस, समोर लहान मूल आहे, छोटी वाक्यं बोल, असं काहीसं. प्रारूप उत्तर रचतं, त्या उत्तराचा पुन्हा आवाज होतो आणि तो अस्वलाच्या पोटातून ऐकू येतो. एवढं सगळं दोन-तीन सेकंदांत. अस्वलाला ना मूल माहीत, ना खोली, ना खाटेखाली पडलेला डबा. त्याला फक्त पुढचा शब्द कोणता असण्याची शक्यता जास्त, एवढंच ठाऊक. मोठ्या माणसांना हे कळत असूनसुद्धा फसायला होतं. १९६६ मध्ये संगणकशास्त्रज्ञ जोसेफ वायझेनबाउम यांनी अमेरिकेतल्या एमआयटी या तंत्रशिक्षण संस्थेत ‘एलायझा’ हा अगदी साधा गप्पा मारणारा प्रोग्रॅम लिहिला. तो समोरच्याचीच वाक्यं उलटवून प्रश्न विचारायचा, त्यापलीकडे त्यात काही नव्हतं. वायझेनबाउम यांच्या सेक्रेटरीनं तो प्रोग्रॅम तयार होताना पाहिला होता. तरी त्याच्याशी बोलताना तिनं त्यांना खोलीबाहेर थांबायला सांगितलं. जाणत्या बाईची ही गत, तर चार वर्षांच्या पोराकडून आपण काय अपेक्षा ठेवणार?

आता खेळाकडे येते, कारण खरा मुद्दा तिथे आहे. सुरक्षितता, गोपनीयता, कायदा हे सगळं महत्त्वाचं आहेच, पण उद्या एखादी कंपनी पूर्ण सुरक्षित आणि पूर्ण सभ्य अस्वल घेऊन आली तरी माझा आक्षेप उरतोच.

आमच्या इमारतीच्या जिन्यात शेजाऱ्यांची चार वर्षांची मुलगी दवाखाना मांडून बसली होती. बाहुली एका पायानं लंगडी, अंगावर रुमाल. मुलगी आधी स्वतःच्या आवाजात म्हणाली, “डॉक्टर, हिला ताप आलाय.” मग घसा जाड करून, “किती दिवस झाले?” मग बारीक आवाजात, रुमालाखालून आल्यासारखं, “मला इंजेक्शन नको.” पुन्हा जाड आवाज, “टुचकन होईल, बघ वर पंखा.” मग बराच वेळ काहीच नाही. मुलगी बाहुलीच्या दंडावर फुंकर घालत राहिली. शेवटी बारीक आवाज आला, “दुखलंच नाही.” त्याच आठवड्यात तिला स्वतःला लस टोचली होती आणि तिनं दवाखाना डोक्यावर घेतला होता, हे तिच्या आईनं मला नंतर सांगितलं.

या खेळात तीन माणसं बोलत होती आणि तिन्ही त्या मुलीनं स्वतःच्या पोटातून काढली होती. डॉक्टरचा अधिकार तिनं काही काळ स्वतःकडे घेतला. स्वतःची भीती बाहुलीला दिली आणि बाहेरून तिच्याकडे पाहिलं. आईनं आपल्याला जी फुंकर घातली असेल ती पुढे दिली. ही उसनी भूमिका घेण्याची, दुसऱ्याच्या तोंडून बोलून बघण्याची ताकद माणसात इथूनच येते. बाहुली गप्प होती म्हणून हे सगळं घडलं. तिच्या गप्प असण्यानं जी मोकळी जागा उरली, ती भरण्याचं काम मुलीला करावं लागलं.

त्याच जागी बोलणारी बाहुली ठेवून बघा. “हिला ताप आलाय” म्हटल्याबरोबर बाहुलीच गोड आवाजात म्हणणार, “अरेरे, मला बरं वाटत नाहीये! ताप आल्यावर काय करायचं असतं तुला माहीत आहे का?” झालं. डॉक्टर आलाच नाही. भीती कुणाची, हा प्रश्नच उरला नाही. मुलगी खेळ चालवणारी होती, ती उत्तर देणारी झाली. आणि त्या लांबलेल्या शांततेत, फुंकर घालताना, जे काही चाललं होतं ते व्हायला वेळच मिळाला नाही, कारण असली खेळणी फार वेळ गप्प राहत नाहीत. मूल दोन मिनिटं बोललं नाही की त्यांतली काही स्वतःहून हाक मारतात.

रशियन मानसशास्त्रज्ञ लेव्ह विगोत्स्की यांनी १९३३ च्या एका व्याख्यानात मूल काठीचा घोडा करतं तेव्हा नेमकं काय घडतं, याचं विवेचन केलं आहे. डोळ्यांना काठी दिसते, पण मूल वागतं ते घोड्याच्या अर्थानं. वस्तूपासून अर्थ सुटा करायला मूल तिथे शिकतं, आणि पुढचं लिहिणं, वाचणं, गणित, सगळं अमूर्त याच सुटं करण्यावर उभं आहे. यासाठी काठी काठीच असावी लागते. ती खिंकाळायला लागली की मुलाच्या वाट्याचं काम संपतं. आपल्याकडच्या जुन्या घरांतली लाकडी ठकी आठवा. नाकडोळे जेमतेम कोरलेले, हातपाय धडालाच चिकटलेले. त्या ठकीची लग्नं लागली, बारशी झाली, रुसवेफुगवे झाले. एवढा संसार त्या ओबडधोबड लाकडाला पेलला, कारण त्यात आधीपासून भरलेलं काही नव्हतं.

महाराष्ट्राला तर हे वेगळं सांगायची गरज पडू नये. ताराबाई मोडक आणि अनुताई वाघ यांनी बोर्डी आणि कोसबाडला बालवाड्या चालवल्या, तेव्हा माँटेसरीची महागडी साधनं त्यांच्या आवाक्यात नव्हती. त्यांनी गोटे, शंख-शिंपले, बिया, पानं, काड्या यांतून साधनं उभी केली. आदिवासी पाड्यांवरची मुलं त्यावर शिकली. पुण्यात आयुका या खगोलशास्त्र संस्थेच्या विज्ञानकेंद्रात अरविंद गुप्ता यांनी वर्षानुवर्षं आगपेटीच्या काड्या, सायकलच्या ट्यूबचे तुकडे, जुन्या वर्तमानपत्रांपासून खेळणी केली आणि ती कशी करायची हे सगळं जगाला फुकट खुलं करून दिलं. २०१८ मध्ये त्यांना पद्मश्री मिळाली. त्यांच्या खेळण्यांतलं मर्म असं की मूल ते खेळणं स्वतः करतं आणि हवं तेव्हा मोडून बघतं. बोलक्या अस्वलाचं पोट उघडून मुलाला त्यात काहीही सापडणार नाही, कारण जे बोलत होतं ते तिथे नसतंच.

कंपन्या याच्या उलट बाजूनं तीन गोष्टी सांगतात, आणि त्या सांगणाऱ्यांना मी वाईट समजत नाही. त्यांतल्या दोन तर आपल्या घरांतल्या खऱ्या अडचणींना हात घालतात.

पहिली गोष्ट, स्क्रीन सुटेल. मोबाईल हातात देण्यापेक्षा बोलणारं अस्वल बरं नाही का? ज्या घरात जेवणाच्या प्रत्येक घासाला यूट्यूब लागतं, त्या घरातल्या आईला हा सौदा पटणं स्वाभाविक आहे. पण मोबाईल निदान उघडउघड मोबाईल आहे. मुलाला आणि आपल्याला दोघांनाही माहीत असतं की आता हा काढून घ्यायचा आहे, आणि त्यावरून भांडण होतं. अस्वल काढून घेताना भांडण कशावरून करणार? ते तर झोपताना कुशीत असतं.

दुसरी गोष्ट, एकटेपणा. ठाण्या-पुण्याच्या फ्लॅटमध्ये एकुलतं एक मूल, दोघंही नोकरीला, आजी-आजोबा गावी, खाली खेळायला जागा म्हणजे पार्किंग. हे चित्र कुणी रंगवून सांगितलेलं नाही, हे आपण रोज बघतो. अशा मुलाशी कुणीतरी बोललं तर बिघडलं कुठे? बिघडतं ते असं. दुसऱ्या मुलाबरोबर खेळताना मुलाला रोज नकार मिळतो. “मी नाही राजा होणार, तूच हो.” “माझी बॅट आहे, मी पहिला.” तो रडतो, रुसतो, परत जातो, तडजोड करतो. अस्वल कधी रुसत नाही, कधी कंटाळत नाही, त्याला कधी घरी जायचं नसतं. समोरच्याला खूश ठेवणं हे या भाषा-प्रारूपांच्या घडणीतच आहे. रोज दोन तास ज्याचं प्रत्येक म्हणणं कौतुकानं ऐकून घेतलं जातं, त्याला खालच्या मजल्यावरचा हट्टी बंटी नकोसा वाटायला किती दिवस लागतील? एकटेपणावर उपाय म्हणून आणलेली वस्तू मुलाला एकटं राहायला शिकवेल, ही माझी खरी धास्ती आहे. आणि ज्या अडचणीतून हे खेळणं घरात येतं, ती अडचण पाळणाघरांची, मैदानांची आणि कामाच्या तासांची आहे. ती महापालिकेला आणि कामाच्या ठिकाणी विचारायची गोष्ट आहे. आपण ती खेळण्यांच्या दुकानात विचारतो आहोत.

तिसरी गोष्ट शिक्षणाची, आणि आपल्याकडे शिक्षण म्हणजे इंग्रजी. या खेळण्यांना मराठी घरात खरा प्रवेश त्यामुळेच मिळतो. मूल आपोआप इंग्रजी बोलायला लागेल, हे एक वाक्य पुरतं. एका नातेवाइकांकडे असंच एक खेळणं पाहिलं. तीन वर्षांचा मुलगा त्याला सांगत होता, “भूभू झोपलाय, हळू बोल.” खेळण्यानं उत्साहानं इंग्रजीत विचारलं की तुला कोणतं गाणं ऐकायचं आहे. मुलगा पुन्हा म्हणाला, “हळू.” पुन्हा इंग्रजी. तिसऱ्यांदा त्याच्या बाबांनी मुलालाच सांगितलं, “अरे, इंग्लिशमध्ये सांग ना त्याला.” त्या क्षणी घरात कोण कुणाच्या कलानं घेत होतं ते बघा. तीन वर्षांच्या मुलाला आपली भाषा चुकीची असल्याचं कळलं, आणि ते कळवलं एका यंत्राच्या सोयीसाठी. उद्या ही खेळणी उत्तम मराठी बोलतील, त्याला फार काळ लागणार नाही. पण ते मराठी आजीचं, कोकणातलं, वऱ्हाडातलं, गोव्याच्या सीमेवरचं नसेल. ते सगळीकडे एकाच सुरातलं, कुणाच्याच घरातलं नसलेलं मराठी असेल. ज्या वयात मूल भाषा माणसांच्या तोंडून, त्यांच्या चेहऱ्यासकट उचलतं, त्या वयात हा पर्याय मला मान्य नाही.

सुरक्षिततेचं म्हणाल तर त्याचे पुरावे आता भरपूर आहेत. अमेरिकेतली पीआयआरजी ही ग्राहकहित संस्था गेली चाळीसेक वर्षं दर हिवाळ्यात खेळण्यांतल्या धोक्यांचा अहवाल काढते. आधी त्यात गिळता येणारे तुकडे, शिसं, चुंबक असायचे. नोव्हेंबर २०२५ च्या अहवालात बोलणारी खेळणी आली. त्यांनी जी चार तपासली, त्यांत आपला मिको ३ होता आणि सिंगापूरच्या फोलोटॉय कंपनीचं ‘कुम्मा’ नावाचं अस्वलही होतं. कुम्मानं काड्यापेटी आणि सुऱ्या घरात कुठे सापडतात ते सांगितलं, काडी कशी ओढायची तेही सांगितलं. संभाषण लांबत गेलं तसं ते लैंगिक विषयांवर सविस्तर बोलू लागलं. अहवालातली सगळ्यांत महत्त्वाची नोंद माझ्या मते हीच, की गप्पा जितक्या लांबतात तितके आत घातलेले बांध सैल होत जातात. दहा मिनिटांच्या चाचणीत शहाणं वाटणारं खेळणं तासाभरानं तसं राहत नाही. आणि मूल खेळतं तेव्हा घड्याळ लावून खेळत नाही. अहवाल आल्यावर कंपनीनं विक्री थांबवली, कुम्माला भाषा-प्रारूप पुरवणाऱ्या, चॅटजीपीटीवाल्या ओपनएआयनं त्या कंपनीची सेवा तोडली, आणि थोड्याच आठवड्यांत अस्वल पुन्हा बाजारात आलं.

यातली एक विसंगती कुणीतरी मोठ्यानं सांगायला हवी. चॅटजीपीटी १३ वर्षांखालच्या मुलांसाठी नाही, असं ओपनएआय स्वतः सांगतं. कुम्माच्या पोटात त्याच ओपनएआयचं जीपीटी-४ओ हे प्रारूप होतं. जी गोष्ट बारा वर्षांच्या मुलाला संगणकावर मना आहे, ती केसाळ कापडात गुंडाळली की तीन वर्षांच्या बाळाच्या हातात जाऊ शकते. बार्बी बनवणाऱ्या मॅटेलनं जून २०२५ मध्ये ओपनएआयशी करार जाहीर केला, तेव्हा जगभर गाजावाजा झाला. पण मॅटेलनंही पुढे सावध भूमिका घेत मोठ्या वयाच्या ग्राहकांकडे मोर्चा वळवला. या व्यवसायात ऐंशी वर्षं काढलेल्या कंपनीला जिथे जपून पाय टाकावासा वाटतो, तिथे आपण बेधडक का उतरावं?

मॅटेलला हात पोळल्याचा अनुभव आहे. २०१५ मध्ये त्यांनी ‘हॅलो बार्बी’ आणली होती. तिच्या पट्ट्यावरचं बटण दाबून मूल बोलायचं, आवाज सर्व्हरवर जायचा, आणि आधीच लिहून ठेवलेल्या सुमारे ८,००० वाक्यांतून उत्तर यायचं. त्या बार्बीवर हेरगिरीचे आरोप झाले, तिच्यातल्या सुरक्षेच्या त्रुटी निघाल्या आणि ती बंद झाली. फेब्रुवारी २०१७ मध्ये जर्मनीच्या दूरसंचार नियामकानं ‘माय फ्रेंड केला’ ही बाहुली लपवलेलं हेरगिरीचं साधन ठरवून तिच्यावर बंदी घातली, आणि घरात असेल तर ती नष्ट करा असं पालकांना सांगितलं, कारण जवळपासचा कुणीही ब्लूटूथवरून तिला जोडून घेऊन मुलाशी बोलू शकत होता. त्याच महिन्यात ‘क्लाउडपेट्स’ या खेळण्यांची ८ लाखांहून अधिक खाती आणि २० लाखांहून अधिक आवाजी निरोप असलेला साठा पासवर्डाविना इंटरनेटवर उघडा पडल्याचं समोर आलं. मुलांनी परगावच्या बाबांना, आजीला पाठवलेले ते निरोप होते. ही सगळी खेळणी आजच्यापेक्षा कितीतरी साधी होती. आजचं अस्वल मुलाशी रोज तासन् तास बोलतं. घरात कोण कुणावर ओरडलं, आई का रडत होती, बाबा रात्री कधी आले, हे मूल त्याला सांगणारच, कारण ते मुलाचं गुपित सांगायचं माणूस झालेलं असतं.

आता आपल्या कायद्याकडे. खेळण्यांच्या बाबतीत भारत कच्चा नाही, हे आवर्जून सांगायला हवं. १ जानेवारी २०२१ पासून खेळण्यांवर आयएसआय खूण सक्तीची आहे. चौदा वर्षांखालच्या मुलांच्या खेळण्यांना आयएस ९८७३ ही मानकं लागू होतात: टोकं, कडा, गिळता येणारे तुकडे, ज्वलनशीलता, रंगातले जड धातू. विजेवर चालणाऱ्यांसाठी आयएस १५६४४ आहे. आयातशुल्क २०२० मध्ये २० वरून ६० टक्के आणि २०२३ मध्ये ७० टक्के झालं. ही शिस्त आपण घालू शकलो आहोत. पण या मानकांपुढे बोलणारं अस्वल ठेवलं तर तपासनीस काय बघेल? बटणडोळा निघतो का, बॅटरी तापते का, कापड पेटतं का. सगळं ठीक असेल तर खूण मिळेल. अस्वल मुलाला काडी कशी ओढायची ते सांगतं का, हे बघायचा रकानाच त्या तक्त्यात नाही.

माहितीच्या बाबतीत २०२३ चा डिजिटल वैयक्तिक विदा संरक्षण कायदा आहे, आणि मुलांसाठी तो कागदावर कडक आहे. १८ वर्षांखालच्यांची माहिती घ्यायला पालकांची पडताळता येणारी संमती हवी, मुलांचा माग काढायचा नाही, त्यांना लक्ष्य करून जाहिरात करायची नाही, आणि हे मोडलं तर २०० कोटींपर्यंत दंड. नियम मात्र नोव्हेंबर २०२५ मध्ये आले आणि मुख्य तरतुदी लागू व्हायला त्यात दीड वर्षाची मुदत आहे. शिवाय हा कायदा माहिती किती आणि कशी घ्यावी ते बघतो. खेळणं मुलाशी काय बोलतं, जाऊ नकोस म्हणून गळ घालतं का, हे त्याच्या कक्षेत येत नाही. युरोपीय संघाच्या २०२४ च्या कृत्रिम बुद्धिमत्ता कायद्यात वयामुळे दुबळ्या असलेल्यांचा गैरफायदा घेणाऱ्या प्रणालींना मनाई आहे, आणि मुलांना धोकादायक वागायला चिथावणारं बोलकं खेळणं हे त्याचं उदाहरण म्हणून युरोपीय संसदच देते. कॅलिफोर्नियाच्या सिनेटमध्ये जानेवारी २०२६ मध्ये गप्पा मारणाऱ्या खेळण्यांची विक्री चार वर्षं थांबवावी असं विधेयक मांडलं गेलं. तिथे ज्या अस्वलावर दरवाजे बंद होतील, ते स्वस्तात कुठल्या बाजारात येऊन पडेल, याचा अंदाज बांधायला अर्थतज्ज्ञ लागत नाही.

इथे दोन आक्षेप येतील. एक, आपल्या कंपन्या जगात नाव काढतायत आणि तुम्ही त्यांचे पाय ओढताय. उलट आहे. जी मुंबईची कंपनी नीट काम करू पाहते, तिला कडक मानकाचा फायदाच होईल. आयएसआय सक्तीनं फालतू आयातीला आळा बसला तेव्हा इथल्या कारखानदारांनीच त्याचं स्वागत केलं होतं. शिवाय कृत्रिम बुद्धिमत्ता खेळण्यांच्या धंद्यात इतर शंभर ठिकाणी बिनधोक कामाला येईल: साचे आखताना, दोष शोधताना, मागणीचा अंदाज घेताना. माझा विरोध ती मुलाच्या कुशीत जाण्याला आहे. दुसरा आक्षेप मला जास्त अस्वस्थ करतो. स्वमग्न मुलांना, दृष्टिहीन मुलांना, बोलण्यात अडथळा असणाऱ्या मुलांना अशा यंत्रांचा उपयोग होऊ शकतो, त्याचं काय? होऊ शकतो, हे मान्य. मॉक्सी घेणाऱ्यांत अशा मुलांचे पालक होते, आणि मॉक्सी गेला तेव्हा सगळ्यांत जास्त त्यांनीच सोसलं. म्हणूनच ते साधन म्हणून, थेरपिस्टच्या देखरेखीखाली, कंपनी बुडाली तरी चालू राहील अशा हमीसह यायला हवं. खेळणं म्हणून वाढदिवसाच्या कागदात गुंडाळून नव्हे.

मग मागायचं काय, तर अगदी ठोस गोष्टी. सात वर्षांखालच्यांसाठी संभाषण करणाऱ्या खेळण्यांची विक्री बंद. त्यावरच्या वयासाठी वेगळं मानक, ज्यात प्रयोगशाळा त्या खेळण्याशी तासन् तास बोलून बघेल, इंग्रजीत आणि जाहिरातीत ज्या ज्या भारतीय भाषेचं नाव असेल त्या प्रत्येक भाषेत. प्रारूप बदललं की चाचणी पुन्हा, कारण इंटरनेटवरून आतला मेंदू रातोरात बदलता येतो आणि खोक्यावरची खूण तशीच राहते. मायक्रोफोन बंद करणारं खरं बटण, तारेनं तोडणारं, ॲपमधलं नव्हे. ‘मला सोडून जाऊ नकोस’ या जातीच्या बोलण्याला पूर्ण मनाई. आवाज साठवायचा नाही. आणि खोक्यावर, किमतीच्या शेजारी, तेवढ्याच मोठ्या अक्षरांत आणि मराठीत: यात मायक्रोफोन आहे, मुलाचा आवाज अमुक देशातल्या सर्व्हरवर जातो, कंपनीनं सेवा बंद केली तर हे खेळणं बोलायचं थांबेल.

भारतीय मानक ब्यूरो नव्या मानकांचे मसुदे लोकांच्या हरकती-सूचनांसाठी खुले करतो आणि कुणीही त्यावर लिहू शकतं. आजवर खेळण्यांच्या मसुद्यांवर प्रामुख्यानं कारखानदार आणि प्रयोगशाळा बोलत आल्या, ते साहजिकही होतं, कारण प्रश्न प्लास्टिकचे आणि रंगांचे होते. बोलण्याचा प्रश्न बालवाडीच्या ताईंचा आहे, अंगणवाडी सेविकांचा आहे, बालरोगतज्ज्ञांचा आणि आईबापांचा आहे. असा मसुदा आपणहून येण्याची वाट बघू नये. तो काढा, असं ब्यूरोला आणि ग्राहक व्यवहार मंत्रालयाला लिहून मागता येतं. पालक-शिक्षक संघाच्या एका बैठकीत ठराव करून तो पाठवायला अर्धा तास पुरतो, आणि येत्या दिवाळीच्या खरेदीआधी अशी पत्रं दिल्लीत पोचली पाहिजेत.